मद्यत्याग-लक्षणांच्या मापनश्रेणी

मद्यत्याग-लक्षणांच्या मापनश्रेणी म्हणजे दीर्घकाळ नियमित मद्यपान करणाऱ्या व्यक्तीने दारू अचानक थांबवली किंवा कमी केली असता उद्भवणाऱ्या शारीरिक व मानसिक लक्षणांची तीव्रता अंकांत मोजण्याची वैद्यकीय साधने होत. यांपैकी सर्वाधिक वापरली जाणारी श्रेणी 'क्लिनिकल इन्स्टिट्यूट विथड्रॉवल असेसमेंट फॉर अल्कोहोल, रिव्हाइज्ड' ही असून ती सीआयडब्ल्यूए-एआर या आद्याक्षरांनी ओळखली जाते. या श्रेणींनी निदान होत नाही. निदान झाल्यावर रुग्णाला औषध केव्हा आणि किती द्यावे हे ठरवण्यास त्या मदत करतात.

पार्श्वभूमी

मद्यामुळे मेंदूतील 'गाबा' या शामक रसायनाचा प्रभाव वाढतो आणि ग्लुटामेट या उत्तेजक रसायनाचा दबतो. रोजच्या मद्यपानाने मेंदू या दबावाशी जुळवून घेतो व आपली उत्तेजकता वाढवून ठेवतो. दारू एकाएकी थांबली की दबाव नाहीसा होतो, वाढलेली उत्तेजकता मात्र तशीच राहते. हातांची थरथर, घाम, मळमळ, अस्वस्थता व निद्रानाश ही लक्षणे साधारणपणे शेवटच्या पेल्यानंतर ६ ते १२ तासांत सुरू होतात. झटके बहुधा पहिल्या ४८ तासांत येतात. सर्वांत गंभीर अवस्था म्हणजे 'डिलिरियम ट्रेमेन्स' (कंपयुक्त बुद्धिभ्रम). ती दोन ते चार दिवसांनी उद्भवते. हे नाव थॉमस सटन या इंग्रज वैद्याने १८१३ मध्ये रूढ केले. उपचार मिळाल्यास या अवस्थेतील मृत्यूचे प्रमाण सुमारे १ ते ५ टक्के असते. उपचार न मिळाल्यास ते कितीतरी अधिक असते.

दारूचे दुष्परिणाम मराठी वाचकाला 'एकच प्याला' (१९१९) या नाटकापासून परिचित आहेत. दारू थांबवण्यातही धोका असू शकतो, ही गोष्ट मात्र तितकीशी परिचित नाही. महाराष्ट्रात दारू सोडण्याचे प्रसंग पुष्कळदा धार्मिक दिनक्रमाशी जोडलेले असतात: गटारी अमावस्येनंतर श्रावण पाळणे, गणपतीत न पिणे, वारकरी संप्रदायाची माळ घालणे, देवासमोर शपथ घेणे. अधूनमधून पिणाऱ्यास यात काहीच अपाय नाही. परंतु सकाळी डोळे उघडताच हात थरथरतात म्हणून पिणाऱ्या माणसाने असा निश्चय वैद्यकीय देखरेखीशिवाय पाळला, तर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी झटका येऊ शकतो. अशा वेळी घरचे लोक त्याला खोलीत कोंडतात किंवा 'बाहेरची बाधा' समजून भलतीकडे नेतात, आणि मोलाचे तास वाया जातात.

इतिहास

मद्यत्यागाची लक्षणे अंकांत मांडण्याचे पद्धतशीर प्रयत्न १९७० च्या दशकात सुरू झाले. टोरोंटो येथील अ‍ॅडिक्शन रिसर्च फाउंडेशनमधील संशोधकांनी १९८१ मध्ये १५ मुद्द्यांची श्रेणी प्रसिद्ध केली. ती लांबलचक असल्याने सुलिव्हन व सहकाऱ्यांनी तिच्यातील अनावश्यक मुद्दे गाळून १९८९ मध्ये १० मुद्द्यांची सुधारित श्रेणी तयार केली. तीच सीआयडब्ल्यूए-एआर होय. तिच्यावर स्वामित्वहक्काचे बंधन नसल्याने कोणत्याही रुग्णालयास ती विनामूल्य वापरता येते.

रचना आणि गुणदान

या श्रेणीत मळमळ व उलटी, हातांचा कंप, घाम, चिंता, शारीरिक अस्वस्थता, स्पर्शभास, श्रवणभास, दृष्टिभास, डोकेदुखी आणि स्थळकाळाचे भान हे १० मुद्दे आहेत. पहिल्या नऊ मुद्द्यांना प्रत्येकी ० ते ७ व शेवटच्यास ० ते ४ गुण असल्याने कमाल बेरीज ६७ होते. नाडी व रक्तदाब यांची नोंद केली जाते, पण त्यांना गुण नाहीत.

प्रत्येक मुद्द्यासाठी टप्पे ठरवून दिलेले आहेत. कंप पाहण्यासाठी रुग्णास हात समोर ताणून बोटे फाकवण्यास सांगतात. कंप डोळ्यांना न दिसता केवळ बोटांना बोटे लावल्यावर जाणवत असेल तर १ गुण. ताणलेल्या हातांत मध्यम कंप दिसल्यास ४. हात न ताणताही तीव्र कंप असल्यास ७. घामाच्या बाबतीत तळहात ओलसर असल्यास १, कपाळावर थेंब दिसत असल्यास ४ आणि अंग घामाने निथळत असल्यास ७ गुण देतात. साधारणपणे ८ पेक्षा कमी बेरीज सौम्य, ८ ते १५ मध्यम आणि १५ च्या वर तीव्र मानली जाते. मात्र या सीमा रुग्णालयागणिक थोड्याफार बदलतात.

मराठी रुग्णासाठी वापर

मूळ श्रेणीतील प्रश्न इंग्रजीत आहेत. मराठी रुग्णास ते शब्दशः भाषांतर करून विचारल्यास फारसे हाती लागत नाही. स्पर्शभासाविषयी 'अंगाला मुंग्या येतात का, कातडीवर किंवा कातडीखाली किडे वळवळल्यासारखे वाटते का' असे विचारले की उत्तर लगेच मिळते. डोकेदुखीच्या मुद्द्यात 'डोक्याभोवती पट्टा आवळल्यासारखे वाटते का' हा प्रश्न चपखल बसतो. 'चक्कर' किंवा 'गरगरणे' मात्र येथे मोजायचे नसते. भास होत असल्याचे सांगण्यास अनेक जण कचरतात. घरच्यांसमोर तर 'मला वेड लागले' असे ठरेल या भीतीने ते नाहीच म्हणतात. म्हणून हे प्रश्न एकांतात विचारणे इष्ट होय.

स्थळकाळाच्या भानाचा मुद्दा तारखेवर आधारलेला आहे. तारीख दोन दिवसांपर्यंत चुकल्यास २ आणि त्याहून अधिक चुकल्यास ३ गुण दिले जातात. एखाद्या वृद्ध ग्रामीण रुग्णास इंग्रजी तारीख ठाऊक नसते, पण तिथी आणि बाजाराचा वार तो बिनचूक सांगतो. अशा रुग्णाला भ्रमिष्ट ठरवणे अन्यायाचे होईल. येथे तपासणाऱ्याचा विवेकच कामी येतो. वैशाखातील उकाड्यात, पंखा नसलेल्या खोलीत घामाला किती गुण द्यावेत, हाही तसाच प्रश्न आहे.

लक्षणानुसारी उपचार

श्रेणीचा खरा उपयोग औषधयोजनेत होतो. पूर्वी क्लोरडायझेपॉक्साइडसारखी शामक औषधे ठरावीक वेळापत्रकानुसार दिली जात. १९९४ मध्ये साइट्झ व सहकाऱ्यांनी १०१ रुग्णांवर केलेल्या अभ्यासात एका गटास वेळापत्रकानुसार, तर दुसऱ्यास गुणसंख्या ८ किंवा अधिक झाल्यावरच औषध देण्यात आले. दुसऱ्या गटात उपचारांचा मध्यक कालावधी ६८ तासांवरून ९ तासांवर आणि औषधाची मात्रा ४२५ मिलिग्रॅमवरून १०० मिलिग्रॅमवर आली. यकृत बिघडलेल्या रुग्णास सहसा लोराझेपाम देतात. थायमिन (ब-१ जीवनसत्त्व) देणेही तितकेच आवश्यक असते. त्याच्या अभावी मेंदूस कायमची इजा होऊ शकते. हे काम कोणत्याही गुणसंख्येची वाट न पाहता करावयाचे असते.

मर्यादा

रुग्ण बोलू शकत असेल व त्याने अलीकडे मद्यपान केले असेल, तरच ही श्रेणी लागू पडते. कृत्रिम श्वसनावरील, बेशुद्ध किंवा आधीच भ्रमावस्थेत गेलेल्या रुग्णाची बेरीज विश्वसनीय नसते. डोक्याला मार, जंतुसंसर्ग, थायरॉइडचा विकार किंवा रक्तातील साखर उतरणे यांतही कंप, घाम व भ्रम दिसतात. दारुड्या म्हणून ओळखल्या जाणाऱ्या माणसाच्या बाबतीत ही शक्यता नेमकी दुर्लक्षिली जाते. अमेरिकेतील मेयो क्लिनिकच्या २००८ मधील पाहणीत, श्रेणीनुसार उपचार दिलेल्या १२४ रुग्णांपैकी जेमतेम निम्मे त्यासाठी पात्र असल्याचे आढळले.

या उणिवांमुळे इतर श्रेणी पुढे आल्या. ग्लासगो श्रेणीत केवळ पाच मुद्दे आहेत. २०१४ मधील पॉज ही श्रेणी लक्षणे सुरू होण्यापूर्वीच गुंतागुंतीचा धोका वर्तवते. तीत ४ किंवा अधिक गुण धोक्याचे समजतात.

महाराष्ट्रातील संदर्भ

पुण्यात व्यसनमुक्तीच्या संस्थात्मक कार्यास मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्रामुळे व्यापक ओळख मिळाली. अनिल अवचट यांचे ब्राउन शुगरविषयक लेखन वाचून पु. ल. व सुनीताबाई देशपांडे यांनी दिलेल्या देणगीतून, डॉ. अनिता (सुनंदा) अवचट यांच्या पुढाकाराने २९ ऑगस्ट १९८६ रोजी येरवडा येथे मनोरुग्णालयाच्या आवारात हे केंद्र सुरू झाले. व्यसनींच्या बोलीत व्यसन तुटल्यावरच्या त्रासाला 'टर्की' म्हणतात. ब्राउन शुगरची टर्की अतिशय क्लेशदायक असली तरी ती सहसा जिवावर बेतत नाही. दारूची बेतू शकते. हा फरक नातेवाइकांच्या सहसा लक्षात येत नाही, कारण दारू कायदेशीर आणि म्हणून कमी धोक्याची समजली जाते.

मार्च २०२० मधील टाळेबंदीत देशभर मद्यविक्री एकाएकी थांबली आणि हा प्रश्न ठळकपणे समोर आला. केरळ सरकारने तर वैद्यकीय चिठ्ठीवर मद्य देण्याचा आदेश काढला. त्यास एप्रिलमध्ये तेथील उच्च न्यायालयाने स्थगिती दिली. मद्यत्यागाच्या लक्षणांवर वैद्यकशास्त्रमान्य औषधे उपलब्ध असताना मद्याचीच चिठ्ठी देण्यास डॉक्टरांच्या संघटनांचाही विरोध होता.

पुण्याच्या बुधवार पेठेसारख्या दाट वस्तीत असा रुग्ण प्रथम ओळखीच्या डॉक्टरांच्या लहानशा दवाखान्यात पोहोचण्याचा संभव अधिक असतो. तेथे संपूर्ण श्रेणी भरली गेली नाही, तरी शेवटचा पेला केव्हा घेतला, पूर्वी दारू सोडताना झटका आला होता का आणि ताणलेले हात कापतात का, या तीन गोष्टी पाहता येतात. पूर्वी झटका आलेल्या रुग्णास, सध्याची गुणसंख्या कमी असली तरी, रुग्णालयात पाठवणे सुरक्षित मानले जाते.