पडदा रंगविणारे हात

धायरीहून सिंहगडच्या वाटेला लागले की गड डोळ्यांसमोरून हलत नाही. या गडाच्या नावाचा मूकपट 1923 साली ज्यांनी काढला, ते ना पदवीधर होते, ना भांडवलदार. कोल्हापूरच्या एका कारागीर घरात 1890 साली जन्मलेले ते बाबूराव कृष्णराव मेस्त्री. धंद्यावरूनच लोक त्यांना ‘पेंटर’ म्हणू लागले.

बाबूराव आणि त्यांच्या नात्यातले आनंदराव हे दोघे नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवीत. मराठी संगीत नाटके काय, पारशी-गुजराती रंगभूमी काय, त्यांच्या कुंचल्याला सगळीकडे मागणी होती. पुढे फाळक्यांच्या चित्रपटांनी दोघांना वेड लावले. पण 1916 साली आनंदराव वारले. बाबूरावांनी काम सोडले नाही. महाराष्ट्र फिल्म कंपनी निघाली, तिला तानीबाई कागलकर या गायिकेने पैशाचा आधार दिला, आणि दामले यांच्यासारख्या सहकाऱ्यांसह बाबूरावांनी कॅमेराही कोल्हापुरातच तयार केला. 1920 साली ‘सैरंध्री’ पुण्यात झळकला. लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरविले.

आता कारागिरीची गोष्ट पाहा. नाटकातला प्रेक्षक एका जागी बसतो. त्याच्यासाठी कापडावर रंगविलेला महाल पुरतो. कॅमेरा मात्र जवळ जातो, बाजूने पाहतो, आणि कापडाची सुरकुती उघडी पाडतो. हे पडदा रंगविणाऱ्याइतके दुसऱ्या कोणाला कळणार? म्हणून बाबूरावांनी सपाट पडदा बाजूला सारून खोली असलेले देखावे उभारले. ‘सिंहगड’मध्ये रात्रीच्या प्रसंगांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला.

1925 च्या ‘सावकारी पाश’मध्ये तर देवादिकांना रजा देऊन त्यांनी कर्जात बुडालेला शेतकरी दाखविला. जमीन गमावून तो शहरात गिरणीकामगार होतो. आम्हा कामगार चळवळीतल्या माणसांना ही कथा पुस्तकातून शिकावी लागत नाही. ती चाळीचाळीतून ऐकलेली आहे.

दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर ही याच कारखान्यात तयार झालेली माणसे. 1929 साली त्यांनी सीतारामपंत कुलकर्ण्यांसह ‘प्रभात’ काढली, 1933 साली ती पुण्यास आणली. त्याच जागेवर आज फिल्म इन्स्टिट्यूट उभी आहे.

तेथे विद्या शिकविली जाते, हे चांगलेच आहे. पण त्या विद्येचा पाया शाळेत नव्हे, सुताराच्या रंध्याखाली आणि रंगाऱ्याच्या कुंचल्याखाली घातला गेला, एवढे पुणेकरांनी विसरू नये.