रामा शेट्टी, टिळक आणि जोतीराव

नगरचे सदाशिव अमरापूरकर (१९५०–२०१४) म्हटले की आधी डोळ्यांपुढे येतो तो ‘अर्धसत्य’मधला (१९८३) रामा शेट्टी. श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’ ही कथा, तेंडुलकरांची पटकथा आणि गोविंद निहलानींनी मराठी रंगभूमीवरून हेरलेला हा नट. प्रसंग मोजकेच, आवाज कुठेही चढत नाही. दहशत आहे ती त्या संथ, थंड बोलण्यात. फिल्मफेअर मिळाले. पुढे ‘सडक’मधली (१९९१) महाराणी, पुन्हा पुरस्कार, आणि खलनायकीचा साचा पक्का झाला.

वास्तविक याच नटाने ‘२२ जून १८९७’मध्ये (१९७९) टिळक साकारले होते आणि दूरदर्शनच्या ‘भारत एक खोज’मध्ये जोतीराव फुले! वैचारिकदृष्ट्या दोन ध्रुवांवरच्या या भूमिका एकाच्याच वाट्याला याव्यात, हे मराठी अभ्यासकाला विलक्षण वाटते. हिंदी निर्मात्यांना मात्र हवी होती ती केवळ रामा शेट्टीची नजर.