तिळगुळाची तारीख

संक्रांतीच्या सायंकाळी घरोघर जाऊन एकमेकांच्या हातावर चिमूटभर तिळगूळ ठेवावा, धाकट्यांनी वडीलधाऱ्यांना नमस्कार करावा आणि गोड बोलण्याचे वचन द्यावे-घ्यावे, इतका साधा आणि इतका प्रेमळ संस्कार आपल्या वर्षाच्या चक्रात दुसरा क्वचितच असेल. मराठी कुटुंब पुण्यात असो, इंदुरात असो वा दिल्लीत, या दिवशी त्याच्या घरी तिळाचा खमंग वास दरवळतोच. शेजारीपाजारीही तोच वास असतो. उत्तरेकडे रेवडी आणि गजक, बिहारात तिलकुट, कर्नाटकात एळ्ळु-बेल्ल, आसामात तिळाचा पिठा. थंडीत स्निग्ध तीळ आणि हंगामातला नवा गूळ यांचा संयोग साऱ्या देशाला सुचला आहे.

परंतु मराठी मनात या गोड पदार्थाशी एक कडू आठवण जोडलेली आहे. पानिपतचा संहार संक्रांतीच्या दिवशीच झाला, असे आपण लहानपणापासून ऐकतो. ‘संक्रांत कोसळली’ हा वाक्प्रचार त्या दिवसापासून रूढ झाला, असेही सांगितले जाते. श्रोतेहो, ही समजूत कितपत खरी आहे, हे आज पाहू या.

पानिपतचा तो संग्राम बुधवारी, पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२ या दिवशी झाला. इंग्रजी तारीख होती १४ जानेवारी १७६१. याविषयी शंका नाही. प्रश्न आहे तो संक्रांतीचा. आपली संक्रांत तिथीवर अवलंबून नसते, ती सूर्याच्या मकर राशीतील प्रवेशावर ठरते, म्हणून ती इंग्रजी तारखेला धरून चालते असे आपल्याला वाटते. वस्तुतः ती स्थिर नाही. आपली पंचांगे सूर्याचे वर्ष नक्षत्रांवरून मोजतात आणि इंग्रजी कालगणना ते ऋतूंवरून मोजते. या दोन वर्षांत काही मिनिटांचे अंतर आहे. ते साचत जाऊन सुमारे सत्तर वर्षांत एक दिवस होते, आणि संक्रांत तेवढी पुढे सरकते. सुमारे सतराशे वर्षांपूर्वी सूर्याचे उत्तरेकडे वळणे आणि त्याचा मकर प्रवेश एकाच सुमारास होत असे. आज सूर्य २२ डिसेंबरच्या आसपास वळतो आणि आपण तिळगूळ वाटतो १४ किंवा १५ जानेवारीला. डॉ. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील पंचांग-सुधारणा समितीने १९५५ च्या अहवालात या तेवीस दिवसांच्या अंतराकडे लक्ष वेधले होते. महाराष्ट्रातही या गणिताविषयी एकमत नाही. नक्षत्रचक्राचा आरंभबिंदू वेगळा मानल्यामुळे टिळक पंचांग पाळणाऱ्या घरी संक्रांत १० जानेवारीलाच येते.

आता मागे जाऊ या. स्वामी विवेकानंदांचा जन्म १२ जानेवारी १८६३ चा, आणि तो दिवस मकर संक्रांतीचा होता, हे प्रसिद्धच आहे. त्याच्याही शंभर वर्षे आधी संक्रांत आणखी अलीकडे असणार. हिशेब केला तर १७६१ साली ती १० जानेवारीच्या सुमारास येते. म्हणजे पानिपतची लढाई संक्रांतीच्या दिवशी झाली नाही. ती संक्रांतीनंतर सुमारे चार दिवसांनी झाली.

वाक्प्रचारालाही पानिपतची गरज नाही. जुन्या पंचांगांत संक्रांत ही देवता असते. दरवर्षी तिचे वाहन, वस्त्र आणि दृष्टीची दिशा सांगितलेली असते, आणि ती जिकडे पाहते तिकडे अनिष्ट ओढवते अशी श्रद्धा असते. संकटाला संक्रांत म्हणण्यास एवढे कारण पुरेसे आहे.

मग हा योग जुळला कसा? लढाईचे स्मरण आपण पौष शुद्ध अष्टमीला न करता इंग्रजी तारखेने करू लागलो, आणि पुढे सरकणारी संक्रांत विसाव्या शतकात नेमकी त्या तारखेवर येऊन थांबली. आपल्या पिढ्यांनी दोन्ही गोष्टी एकत्र पाहिल्या आणि त्या सदैव एकत्र होत्या असे मानले.

यामुळे पानिपतचे दुःख उणे होते काय? मुळीच नाही. उलट ते अधिक जवळ येते. ऑक्टोबर १७६० च्या अखेरीस अब्दालीने यमुना ओलांडून मराठ्यांचा दिल्लीशी असलेला मार्ग तोडला. डिसेंबरात गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसदेची उरलीसुरली आशाही मावळली. त्यानंतरच्या उपासमारीत ती संक्रांत आली. छावणीत लढवय्यांबरोबर यात्रेकरू होते, बायकामुले होती. संक्रांतीला त्यांच्यातल्या कितीजणांच्या हातावर तिळाचा दाणा पडला असेल? सण पाळण्यासाठी चिमूटभर गूळही नसावा, आणि चार दिवसांनी मरणाला सामोरे जावे, हे चित्र योगायोगाच्या कथेपेक्षा अधिक हृदयद्रावक आहे. त्यासाठी तारीख बदलण्याचे कारण नाही.

तिळाचे आणखी एक नाते आपण विसरतो. तर्पणात पितरांना पाण्याबरोबर जे दिले जाते ते तीळच. कायमचा निरोप द्यावयाचा तर आपण तिलांजली देतो. एकच दाणा ओंजळीतून गेलेल्यांना पोहोचतो आणि गुळात मिसळून असलेल्यांच्या हाती येतो.

आज पानिपतजवळ काला आंब येथे १४ जानेवारीला माणसे जमतात. हरियाणातील रोड समाज स्वतःला त्या सैन्यातून मागे राहिलेल्या मराठ्यांचा वंशज मानतो, आणि महाराष्ट्रातूनही लोक तेथे जातात. संक्रांत आताच काही वर्षी १५ तारखेला येते. पुढील पिढ्यांना ती १६ तारखेला भेटेल आणि पानिपतचा दिवस मागेच राहील. त्या वेळी स्मरणाला सणाचा आधार उरणार नाही. ते आपल्या बळावर टिकवावे लागेल. म्हणून मुलांच्या हातावर तिळगूळ ठेवताना त्यांना पानिपतची गोष्ट अवश्य सांगावी, परंतु तारखेसह सांगावी.