रशियन साहित्य, सोव्हिएत सत्ता आणि गिरणगाव

मुंबईच्या कामगार वस्त्यांत रशियन साहित्य प्रामुख्याने कम्युनिस्ट चळवळीच्या मार्गाने पोहोचले. टॉल्स्टॉय यांना मराठीत गांधीविचाराचीही वाट मिळाली होती. साने गुरुजींनी त्यांच्या कलाविषयक ग्रंथाचा अनुवाद केला. गिरणगावातल्या, म्हणजे परळ-लालबागच्या गिरणी कामगारांपर्यंत मात्र गॉर्की आधी आले, तेही संघटना आणि लाल बावट्याबरोबर. त्यामुळे कोणता रशियन लेखक येथे वाचला जाई, हे बऱ्याच अंशी मॉस्कोतील धोरणावर ठरे.

पार्श्वभूमी : 1934 मध्ये सोव्हिएत लेखक संघाचे पहिले अधिवेशन गॉर्की यांच्या अध्यक्षतेखाली भरले आणि ‘समाजवादी वास्तववाद’ हे साहित्याचे अधिकृत तत्त्व ठरले. या चौकटीबाहेरच्या लेखकांना मोठी किंमत मोजावी लागली. कवी ओसिप मांदेलश्ताम 1938 मध्ये बंदिवासात मरण पावले. कथाकार इसाक बाबेल यांना 1940 मध्ये गोळ्या घालण्यात आल्या. भारतात 1934 पासून कम्युनिस्ट पक्षावर बंदी होती, त्यामुळे सोव्हिएत पुस्तके चोरूनच वाचावी लागत.

युद्धकाळ : जून 1941 मध्ये जर्मनीने सोव्हिएत संघावर हल्ला केला. त्यानंतर भारतीय कम्युनिस्टांनी महायुद्धाला ‘लोकयुद्ध’ मानले आणि जुलै 1942 मध्ये पक्षावरील बंदी उठली. पक्षाचे मुख्य कार्यालय गिरगावाजवळ सँडहर्स्ट रोडवरील राजभुवनात आले. मे 1943 मध्ये मुंबईतच ‘इप्टा’ या जननाट्य संघाची स्थापना झाली. याच वातावरणात शाहीर व लेखक अण्णा भाऊ साठे (1920–1969) यांनी स्तालिनग्राडच्या लढाईवर पोवाडा रचला. वीरगाथेचा हा जुना मराठी प्रकार त्यांनी व्होल्गाकाठच्या लढाईसाठी वापरला. 1944 मध्ये त्यांनी अमर शेख व द. ना. गवाणकर यांच्यासह लाल बावटा कलापथक उभारले.

ग्रंथव्यवहार : स्वातंत्र्यानंतर मॉस्कोतील ‘प्रगती’ आणि पुढे ‘रादुगा’ या सरकारी प्रकाशनांची पुस्तके अल्प किमतीत मिळू लागली. फोर्टमधील पीपल्स बुक हाऊस आणि प्रभादेवीचे लोकवाङ्मय गृह ही त्यांची परिचित ठिकाणे होती. मॉस्कोत राहून अनिल हवालदार यांनी केलेल्या अनुवादांमुळे रशियन बालसाहित्य मराठी घरांत गेले. सरकारी अनुदानामुळे उत्तम छपाईचे पुस्तक कामगाराच्या मुलालाही परवडे. त्याच कारणाने सत्तेला नको असलेले लेखन या वाटेने येत नसे. लेखक पास्तेरनाक यांना 1958 मध्ये नोबेल पारितोषिक नाकारावे लागले, तर कादंबरीकार सोल्झेनित्सिन यांना 1974 मध्ये देशाबाहेर काढण्यात आले. त्यांच्या लेखनाला या सरकारी ग्रंथयादीत जागा नव्हती.

मराठी लेखन : अण्णा भाऊंना ‘महाराष्ट्राचे गॉर्की’ म्हटले जाते. 1961 मध्ये ते सोव्हिएत संघात गेले; ‘माझा रशियाचा प्रवास’ हे त्या भेटीचे वर्णन. तरीही त्यांचे साहित्य पक्षाच्या सूत्रापुरते राहिले नाही. 1958 च्या पहिल्या दलित साहित्य संमेलनाचे उद्घाटन करताना त्यांनी पृथ्वी दलितांच्या आणि श्रमिकांच्या हातांवर तरली असल्याचे सांगितले. ‘फकिरा’ (1959) ही कादंबरी त्यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या लेखणीला अर्पण केली. जातीचा जो प्रश्न सोव्हिएत साहित्यशास्त्राच्या कक्षेतच नव्हता, तो त्यांनी केंद्रस्थानी आणला. गिरणगावात वाढलेले कवी नारायण सुर्वे यांना सोव्हिएत लँड नेहरू पुरस्कार मिळाला. कार्ल मार्क्स त्यांच्या कवितेत येतो तो संपकरी कामगारांच्या सभेत उभा राहणारा माणूस म्हणून.

उत्तरकाळ : 1982 च्या गिरणी संपानंतर कामगार वस्ती विखुरली आणि 1991 मध्ये सोव्हिएत संघ विसर्जित झाल्यावर अनुदानित पुस्तकांचा पुरवठा थांबला. सप्टेंबर 2022 मध्ये मॉस्कोतील परदेशी साहित्याच्या राज्य ग्रंथालयात अण्णा भाऊंच्या पुतळ्याचे अनावरण झाले. सत्तेने आखून दिलेल्या वाटेने आलेल्या साहित्याला गिरणगावच्या लेखकांनी आपल्या अनुभवाची जोड दिली आणि त्यातून मराठीतील श्रमिक व दलित साहित्याला बळ मिळाले.