खंड आणि क्षमा

महाराष्ट्रातल्या सरकारी नोकरांच्या लढ्यांचा इतिहास सांगणारे बहुधा 54 दिवसांच्या संपापाशी थांबतात. 14 डिसेंबर 1977 ते 5 फेब्रुवारी 1978 या काळात र. ग. कर्णिक यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या त्या संपाची मुख्य मागणी केंद्राच्या दराने महागाई भत्ता मिळावा ही होती. वसंतदादा पाटील यांच्या सरकारने ती मानली नाही. 1978 च्या जुलैत आलेल्या शरद पवारांच्या पुलोद सरकारने ती मान्य केली. तो झगडा रकमेचा होता. पुढच्या काळातले पुष्कळ वाद मात्र कालगणनेचे आहेत, आणि भाषेच्या अभ्यासकाला ते अधिक बोलके वाटावेत.

1995 साली कालबद्ध पदोन्नतीची योजना आली. एकाच पदावर 12 वर्षे कुजलेल्या कर्मचाऱ्याला पद नाही तरी वरची वेतनश्रेणी मिळावी, हा तिचा हेतू. 2001 मध्ये तिची आश्वासित प्रगती योजना झाली. 2010 मध्ये 12 व 24 वर्षांनंतर असे दोन लाभ ठरले, 2019 मध्ये 10, 20 व 30 वर्षांनंतर तीन. आकडे उदार होत गेले, पण ‘नियमित सेवा’ म्हणजे काय, हा प्रश्न जागीच राहिला. तात्पुरत्या नेमणुकीची वर्षे धरायची का? दोन नेमणुकांच्या मध्ये एकदोन दिवसांची फट मुद्दाम ठेवली जाते, तिला ‘तांत्रिक खंड’ म्हणतात, तिचे काय? अशा फटीसाठी प्रशासकीय मराठीत एक विलक्षण शब्दप्रयोग आहे : सेवाखंड ‘क्षमापित’ करणे. खंड पाडणारी व्यवस्था, आणि क्षमा मात्र कर्मचाऱ्याला! ‘अपराध’ कोणाचा, हे वाक्यरचनेतच ठरून गेलेले असते.

आमच्या व्यवसायात ही गणना सर्वांत निष्ठुर झाली ती नेट-सेटच्या प्रकरणात. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 19 सप्टेंबर 1991 च्या नियमांनी अधिव्याख्यात्यासाठी ही पात्रता आणली. राज्याची सेट परीक्षा पुणे विद्यापीठाने घेण्यास सुरुवात केली ती 1995 मध्ये. दरम्यान महाविद्यालये चालूच होती, तासांना माणसे हवी होती. ती नेमली गेली, त्यांनी शिकवले, उत्तरपत्रिका तपासल्या. नोकरी टिकली, पण सेवा मोजली जाईना. मराठीत हे दोन शब्द आपण सहज एकमेकांच्या जागी वापरतो. शासनाने त्यांच्यात वर्षानुवर्षांचे अंतर निर्माण केले.

या अंतराचा अर्थ सहाव्या वेतन आयोगाने रुपयांत दाखवला. पीएच.डी. वा एम.फिल. नसलेला अध्यापक, इतर अटी पूर्ण असल्यास, 6 वर्षांनी 6000 च्या ग्रेड पेवरून 7000 वर, आणखी 5 वर्षांनी 8000 वर, त्यापुढे 3 वर्षांनी 9000 वर जाई. म्हणजे 14 वर्षांचा प्रवास. शेवटच्या पायरीवर वेतनपट्टाच बदले : 15600–39100 ऐवजी 37400–67000. ज्याची वर्षे धरलीच नाहीत, तो पहिल्या पायरीवर.

4 फेब्रुवारी ते 10 मे 2013 असा अध्यापकांनी परीक्षांच्या कामावर बहिष्कार टाकला. त्यात थकबाकीची मागणीही होती, आणि आमच्या मते तिच्यामुळे सेवेचा अधिक न्याय्य प्रश्न झाकला गेला. वर्तमानपत्रांना पैसे मागणारे प्राध्यापक तेवढे दिसले. विद्यार्थ्यांचे हाल झाले, हेही नाकारता येणार नाही. शासनाने 71 दिवसांचे वेतन रोखले. येथे दिवस अगदी अचूक मोजले गेले.

27 जून 2013 च्या शासननिर्णयाने 23 ऑक्टोबर 1992 ते 3 एप्रिल 2000 या काळातल्या नेमणुका नियमित केल्या, पण त्या निर्णयाच्या दिनांकापासून. पात्रतेचा आग्रह चुकीचा नव्हता. शिक्षकाची कसोटी लागलीच पाहिजे. परंतु अपात्र ठरवलेल्याकडून दशकभर काम घ्यायचे आणि नंतर ते काम झालेच नाही असे लिहायचे, याला कसोटी म्हणत नाहीत. 1995 मध्ये वर्गात उभा राहिलेला माणूस कागदावर 2013 चा नवागत झाला. त्यातच 1 नोव्हेंबर 2005 नंतर सेवेत आलेल्यांना जुने निवृत्तिवेतन नाही. तेव्हा तोही दरवाजा त्याच्यापुढे लोटला गेला, आणि वाद न्यायालयांत गेले.

आम्ही स्वतः त्या सीमारेषेच्या अलीकडचे, 2005 नंतरचे. मार्च 2023 मधल्या जुन्या पेन्शनच्या संपानंतर, 2 फेब्रुवारी 2024 च्या निर्णयाने राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांपैकी ज्यांच्या पदाची जाहिरात 1 नोव्हेंबर 2005 पूर्वीची आहे, त्यांना नंतर रुजू होऊनही जुन्या योजनेचा पर्याय मिळाला. येथे जाहिरातीची तारीख पुरली. नेट-सेटच्या प्रकरणात वर्गात उभे राहिल्याची तारीखही पुरली नव्हती.