शासकीय बदल्यांना न्यायालयीन आव्हान (महाराष्ट्र)

शासकीय बदल्यांना न्यायालयीन आव्हान म्हणजे शासन, स्थानिक स्वराज्य संस्था किंवा सार्वजनिक उपक्रम यांतील कर्मचाऱ्याने आपल्या बदलीच्या आदेशाविरुद्ध न्यायाधिकरणाकडे वा न्यायालयाकडे मागितलेली दाद होय. बदली ही सेवेची अंगभूत अट मानली जात असल्याने विशिष्ट ठिकाणीच राहण्याचा हक्क कर्मचाऱ्यास नसतो. महाराष्ट्रात मात्र राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांच्या बदल्या २००६ पासून कायद्याने नियंत्रित आहेत. त्यामुळे येथील वाद बहुधा बदलीच्या योग्यतेपेक्षा ती विहित रीतीने झाली की नाही, यावर केंद्रित होतो.

कायदेशीर तरतुदी

महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५ हा कायदा १ जुलै २००६ पासून लागू झाला. ‘बदल्यांचा कायदा’ किंवा ‘दप्तर दिरंगाई कायदा’ या नावांनी तो ओळखला जातो. तो होण्यामागे ज्येष्ठ समाजसेवक अण्णा हजारे यांच्या आंदोलनांचाही वाटा होता.

कलम ३ नुसार एका पदावरील सामान्य पदावधी ३ वर्षांचा असतो. सचिवालयाबाहेरील गट क कर्मचाऱ्याची बदली त्या कार्यालयातून दोन पदावधी पूर्ण झाल्यावर होते. कलम ४ नुसार बदल्या सामान्यतः वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात करावयाच्या असतात. मुदतपूर्व बदली विशेष प्रकरणी करता येते. मात्र त्यासाठी कारणे लेखी नमूद करणे आणि लगतच्या वरिष्ठ सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेणे बंधनकारक आहे. पोलिसांच्या बदल्यांसाठी महाराष्ट्र पोलीस अधिनियमात स्वतंत्र तरतुदी असून त्यांत पोलीस आस्थापना मंडळांची भूमिका महत्त्वाची आहे.

दाद मागण्याचे मंच

दाद कोठे मागावयाची हे नियोक्ता कोण यावर ठरते. पुणे जिल्ह्याच्या दौंड तालुक्यातील राहूसारख्या एकाच गावात काम करणाऱ्या कर्मचाऱ्यांचेही मार्ग त्यामुळे वेगवेगळे होतात.

तलाठी हा राज्य शासनाचा कर्मचारी असल्याने तो महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे (मॅट) मूळ अर्ज करतो. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ खालील हे न्यायाधिकरण १९९१ मध्ये कार्यान्वित झाले. त्याच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे जाता येते. हा मार्ग सर्वोच्च न्यायालयाच्या एल. चंद्रकुमार (१९९७) निकालाने स्पष्ट झाला.

ग्रामसेवक व प्राथमिक शिक्षक जिल्हा परिषदेचे कर्मचारी असल्याने ते संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करतात. वीज कंपनीतील कामगारास औद्योगिक न्यायालयात तक्रार करता येते. व्यवस्थापनाच्या धोरणाच्या नावाखाली द्वेषबुद्धीने केलेली बदली ही राज्याच्या १९७१ च्या कामगार कायद्यानुसार अनुचित कामगार प्रथा ठरते.

आव्हानाची कारणे

शिल्पी बोस (१९९१) या निकालानुसार अनिवार्य वैधानिक नियमाचा भंग किंवा द्वेषबुद्धी असल्याखेरीज न्यायालयांनी बदलीत हस्तक्षेप करू नये. आदेश देणारा अधिकारी सक्षम नसणे हेही आव्हानाचे कारण ठरते. सोमेश तिवारी (२००९) प्रकरणात शिक्षेऐवजी केलेली बदली रद्द करण्यात आली.

एस. एल. अब्बास (१९९३) निकालानुसार प्रशासकीय मार्गदर्शक सूचनांमधून अंमलबजावणीयोग्य हक्क निर्माण होत नाही. या दोन तत्त्वांमुळे कर्मचाऱ्यांच्या स्थितीत फरक पडतो. तलाठ्यास कायद्यातील पदावधीचा आधार असतो. जिल्हा परिषद शिक्षकांच्या बदल्या मुख्यतः शासन निर्णयांतील धोरणानुसार होत असल्याने त्यांचा दावा तुलनेने दुबळा ठरू शकतो. मुलांचे शिक्षण, आजारपण वा पती-पत्नी एकत्रीकरण यांबाबत बहुधा प्रशासनाकडेच निवेदन द्यावे लागते.

मर्यादा व परिणाम

केवळ अर्ज किंवा निवेदन दाखल केल्याने बदलीस स्थगिती मिळत नाही. गुजरात विद्युत मंडळ (१९८९) प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे स्पष्ट केले की, स्थगिती नसताना नव्या ठिकाणी रुजू न होणाऱ्या कर्मचाऱ्यावर शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते. बदली रद्द झाली तरी ते पद कायमचे राखले जात नाही. प्रशासनास विहित कार्यपद्धती पाळून नवा आदेश काढता येतो.