इल्फर्डच्या काचेचं कूळ

डार्करूममध्ये हात काळे केलेल्या माणसाला इल्फर्ड हे नाव कृष्णधवल फिल्मच्या डबीवरून ठाऊक असतं. लंडनच्या पूर्वेकडचं हे गाव कणभौतिकीच्या इतिहासातही तितक्याच मानाने यायला हवं. तिथे मात्र शोध लावणाऱ्यांची नावं राहतात आणि ज्या काचेवर शोध लागला ती कुणी बनवली, हे कुणी विचारत नाही.

1879 मध्ये आल्फ्रेड ह्यू हार्मन यांनी इल्फर्डच्या क्रॅनब्रूक रोडवर, राहत्या घराच्या तळघरात फोटोच्या कोरड्या काचा बनवायला सुरुवात केली. त्याआधी कलोडियन फासलेली काच ओली असेतोवरच फोटो काढून धुवावा लागे, म्हणून फोटोग्राफर तंबू आणि रसायनं बरोबर घेऊन हिंडत. 1871 मध्ये रिचर्ड मॅडॉक्स या इंग्रज डॉक्टराने जिलेटिनमध्ये सिल्व्हर ब्रोमाइड कालवून ही कटकट संपवली. हार्मन यांनी त्याचा कारखाना केला. इल्फर्ड तेव्हा एसेक्समधलं खेडं होतं आणि लंडनच्या धुरापासून दूर होतं. जिलेटिनच्या या थरावर, म्हणजे इमल्शनवर, बसलेला धुळीचा कण प्रत्येक फोटोत ठिपका होऊन उमटतो, त्यामुळे स्वच्छ हवा हेच या धंद्याचं भांडवल.

प्रकाश पडला की सिल्व्हर ब्रोमाइडच्या स्फटिकात चांदीचे मोजके अणू सुटे होतात आणि डेव्हलपरमध्ये तो आख्खा स्फटिक काळा पडतो. विद्युतभारित कण आरपार गेला तरी हेच घडतं. त्याच्या वाटेवर काळ्या दाण्यांची रांग उमटते. अडचण एवढीच, की फोटोच्या काचेवरचा थर अतिशय पातळ असतो आणि त्यात चांदी विरळ असते. व्हिएन्नाच्या मारिएटा ब्लाऊ यांनी जाड थराच्या काचांचा ध्यास घेतला. 1937 मध्ये त्यांनी आणि हेर्टा वांबाखर यांनी आल्प्समधल्या हाफेलेकार शिखरावर ठेवलेल्या इल्फर्डच्या काचांवर ताऱ्यासारख्या रेघा मिळाल्या. विश्वकिरणांनी अणुकेंद्र फोडल्याच्या त्या खुणा होत्या.

त्यानंतरची गोष्ट आपल्याकडची, आणि मला ती सगळ्यात जास्त टोचते. कलकत्त्याच्या बोस इन्स्टिट्यूटमध्ये विभा चौधरी आणि देवेंद्रमोहन बोस यांनी दार्जिलिंग, संदकफू अशा उंच ठिकाणी काचा ठेवल्या. त्या इल्फर्डच्या हाफटोन काचा होत्या, म्हणजे मासिकांतल्या चित्रांचे ब्लॉक करण्यासाठी छापखाने वापरत त्या. रेघ किती वेळा आणि किती वळते यावरून दोघांनी ती उमटवणाऱ्या कणाचं वस्तुमान काढलं: इलेक्ट्रॉनच्या सुमारे दोनशे पट. हे निष्कर्ष ‘नेचर’मध्ये छापून आले. पुढे जायला अधिक संवेदनशील काचा हव्या होत्या, पण महायुद्ध सुरू होतं आणि त्या मिळेनात. दोघांची नजर, रीत आणि चिकाटी पुरेशी होती. काच पुरली नाही.

युद्ध संपल्यावर ब्रिटिश सरकारने कणांच्या रेघा टिपणारं इमल्शन बनवायला उत्तेजन दिलं. इल्फर्डचे रसायनज्ञ सेसिल वॉलर यांनी चांदीचं प्रमाण इतकं वाढवलं, की वाळलेल्या थरात वजनाने ऐंशी टक्क्यांच्या आसपास सिल्व्हर ब्रोमाइडच असे. एवढ्या थोड्या जिलेटिनने एवढे स्फटिक वेगवेगळे धरून ठेवायचे, गुठळी होऊ द्यायची नाही आणि थर काचेवरून सुटूही द्यायचा नाही, हे काम किती अवघड! मी याला शोधच म्हणेन. 1946 मध्ये या काचा ब्रिस्टलच्या सेसिल पॉवेल यांच्या गटाकडे आल्या. गटातल्या ज्युसेप्पे ओक्कियालिनी यांनी त्या पिरिनीजमधल्या पिक दु मिदी शिखरावर नेऊन ठेवल्या. गटातल्याच सेझार लातेस यांच्या सांगण्यावरून काही काचांच्या इमल्शनमध्ये बोरॅक्स घातला होता, आणि त्यामुळे उमटलेली रेघ फिकी पडायला जास्त काळ लागे. सूक्ष्मदर्शकाखाली तासन्‌तास काचा तपासणाऱ्या स्त्रियांपैकी मारिएटा कुर्त्स यांना एक रेघ थांबून तिथून दुसरी निघालेली दिसली. पुढे अशा आणखी जोड्या सापडल्या. त्यात दुसरी रेघ पूर्ण उमटली असेल तिथे तिची लांबी दर वेळी सुमारे 600 मायक्रॉन भरे. पायॉन हा कण थांबतो आणि त्यातून ठरावीक ऊर्जेचा म्युऑन हा दुसरा कण निघतो, हे 1947 मध्ये सिद्ध झालं. पॉवेल यांना 1950 चं नोबेल मिळालं. फाउलर आणि पर्किन्स यांच्यासह लिहिलेल्या 1959 च्या ग्रंथात त्यांनी बोस-चौधरी यांच्या कामाचं अग्रस्थान मान्य केलं.

विभा चौधरी 1949 मध्ये होमी भाभांच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आल्या. संस्था तेव्हा मुंबईत गेटवेजवळच्या जुन्या यॉट क्लबात होती. इलेक्ट्रॉनचीही रेघ पकडणारं इल्फर्डचं जी-5 इमल्शन तोवर निघालं होतं. संस्थेत बर्नार्ड पीटर्स यांच्याबरोबर देवेंद्र लाल आणि यशपाल हे तरुण इमल्शनचे थर तपासू लागले आणि 1953 मध्ये त्यांनी के-मेसॉन या कणावरची निरीक्षणं प्रसिद्ध केली. पॉवेल यांच्याकडे शिकलेले एम. जी. के. मेनन 1955 मध्ये ब्रिस्टलहून मुंबईत त्यांना येऊन मिळाले. संदकफूवर ज्या काचा मिळाल्या नव्हत्या, त्यांच्या पुढच्या पिढीवर आता मुंबईत रोजचं काम चालू होतं.